वारणा ओलांडली की कर्जाचा कायदा बदलायचा! आणि त्या कायद्यावर लक्ष ठेवायला होते न्यायमूर्ती रानडे

पेठ वडगावातून निघून वारणा ओलांडली की वाळवा तालुका लागतो. आज हा भाग सांगलीत आहे. १८७९ साली मात्र नदीच्या अलीकडे कोल्हापूर संस्थान होतं आणि पलीकडे इंग्रजांचा सातारा जिल्हा. त्या वर्षी पलीकडच्या शेतकऱ्याला असं एक संरक्षण मिळालं, जे अलीकडच्याला त्या कायद्याने मिळालं नाही.

त्या कायद्याचं नाव दख्खन शेतकरी साहाय्य कायदा. पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चारच जिल्ह्यांसाठी तो होता.

त्यामागचं कारण चार वर्षं आधीचं. मे १८७५ मध्ये सुप्याच्या बाजारात शेतकऱ्यांनी सावकारांची घरं-दुकानं गाठली आणि कर्जरोखे जाळले. राग नुसत्या कर्जावर नव्हता. कोर्ट रोख्यावरचा आकडा बघायचं, हुकूमनामा द्यायचं आणि शेतीचा लिलाव व्हायचा. मूळ रक्कम किती आणि त्यावर चढलेलं व्याज किती, हे कुणी विचारतच नव्हतं.

नव्या कायद्याने नेमकं हेच विचारायला लावलं. न्यायाधीशाने व्यवहार पहिल्या दिवसापासून तपासायचा, मुद्दल आणि व्याज वेगळं काढायचं, व्याजावर व्याज धरायचं नाही. हप्ते बांधून द्यायचे. पैशाच्या कर्जापायी शेतकऱ्याला तुरुंगात टाकायचं नाही.

पण कायदा कागदावर असून भागत नाही, खालची कोर्टं तो पाळतात का हे बघणारं कुणीतरी लागतं. ते काम महादेव गोविंद रानडे यांच्याकडे आलं.

रानडे १८४२ साली निफाडला जन्मले, पण वाढले कोल्हापुरात. वडील संस्थानच्या नोकरीत होते. पुढे मुंबईत शिकून ते सरकारी न्यायाधीश झाले. गंमत बघा, १८७९ मध्ये वासुदेव बळवंतांच्या बंडाच्या काळात सरकारला त्यांचाच संशय आला आणि त्यांची धुळ्याला बदली झाली. दोनच वर्षांनी, १८८१ मध्ये त्याच सरकारने त्यांना या कायद्याखाली सहायक विशेष न्यायाधीश नेमलं. पुढे ते विशेष न्यायाधीशही झाले. गावोगावच्या कोर्टांची दप्तरं तपासायची, चुकलेले निकाल दुरुस्त करायचे, असं ते फिरतीचं काम होतं. पत्नी रमाबाईही अनेकदा सोबत असत.

कायद्यात एक भोक मात्र होतं. साध्या कर्जापोटी जमीन विकता येत नव्हती, पण ती स्पष्टपणे गहाण लिहून दिलेली असेल तर विकता यायची. सावकार हुशार, ते गहाणखतं लिहून घेऊ लागले. गहाणाच्या दाव्यातही कोर्ट हिशेब काढतं म्हटल्यावर काहींनी थेट खरेदीखतच करून घ्यायला सुरुवात केली. कागदावर विक्री, प्रत्यक्षात गहाण!

नुसत्या कोर्टाने हे सुटणार नाही, शेतकऱ्याला स्वस्त कर्ज देणाऱ्या पेढ्या हव्यात, असं रानडे मांडत राहिले. १८९३ मध्ये ते हायकोर्टात गेले आणि १६ जानेवारी १९०१ ला वारले. खरेदीखत हे मुळात गहाणच होतं, असं तोंडी पुराव्याने सिद्ध करायची मुभा शेतकऱ्याला त्यांच्या मृत्यूनंतरच्या दुरुस्तीने मिळाली.