तळाचा स्वर आणि मास्तर कृष्णराव

२५ ऑगस्ट १९४८ रोजी पंतप्रधान जवाहरलाल नेहरू यांनी संविधान सभेत राष्ट्रगीताविषयी निवेदन केले. ‘जन गण मन’ची धून आदल्या वर्षी न्यूयॉर्क येथे संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेच्या निमित्ताने वाद्यवृंदाने वाजवली होती आणि ऐकणाऱ्यांना ती भावली होती, असे त्यांनी सांगितले. ‘वंदे मातरम्’चे ऐतिहासिक स्थान त्यांनी मान्य केले, परंतु त्याची चाल वाद्यवृंदावर आणि बँडवर वाजवण्यास तितकीशी अनुकूल नाही, असे त्यांचे मत होते. पुण्याचा एक पन्नाशीचा गवई त्या काळात नेमका हाच आक्षेप खोडून काढण्याच्या खटपटीत गुंतला होता. कृष्णाजी गणेश फुलंब्रीकर, म्हणजेच मास्तर कृष्णराव, हे त्याचे नाव.

२० जानेवारी १८९८ रोजी देवाच्या आळंदीत त्यांचा जन्म झाला. घराणे मूळचे मराठवाड्यातील फुलंब्रीचे. बालवयातच गोड गळ्याचा नट म्हणून ते रंगभूमीवर आले आणि पुढे पंडित भास्करबुवा बखले यांच्या हाती पडले. भास्करबुवा म्हणजे ग्वाल्हेर, आग्रा आणि जयपूर अशा तिन्ही वाटांची गायकी पचवलेला गवई. त्यांच्याजवळ कृष्णरावांची वर्षे गेली ती समोर तानपुरा ठेवूनच. १९२२ साली भास्करबुवा गेले. त्यांनी पुण्यात उभ्या केलेल्या भारत गायन समाजाची धुरा पुढे कृष्णरावांनी वाहिली. गंधर्व नाटक मंडळीत त्यांनी बालगंधर्वांसाठी चाली बांधल्या. १९३१ च्या ‘कान्होपात्रा’तील अभंगांना त्यांनी दिलेले रूप आजही भजनी मंडळांत टिकून आहे. प्रभात फिल्म कंपनीच्या ‘धर्मात्मा’, ‘अमरज्योति’, ‘गोपाळकृष्ण’, ‘माणूस’, ‘शेजारी’ या चित्रपटांचे संगीत त्यांचेच. गोमंतकीय रसिकांशी त्यांचे नाते जुळले ते १९४२ च्या ‘कुलवधू’मुळे. मो. ग. रांगणेकरांच्या या नाटकात बांदिवड्याच्या ज्योत्स्ना भोळे यांनी गायिलेली पदे मास्तर कृष्णरावांच्याच चालीत होती.

एवढे यश पदरी असलेल्या माणसाला बँडच्या स्वरलेखनाशी झुंजण्याचे कारण काय, असे कोणासही वाटेल. कारण जुने होते. ‘वंदे मातरम्’ हा त्यांच्या मैफलीचा ठरलेला भाग होता. स्वातंत्र्यापूर्वी मुंबई नभोवाणीने ते गीत प्रक्षेपित होऊ दिले नाही, तेव्हा त्यांनी नभोवाणीवर गाणेच सोडले आणि बहिष्कार स्वातंत्र्य येईपर्यंत पाळला. गीताला त्यांनी झिंझोटी रागाच्या आधाराने चाल दिली होती. समुदायाला सहज म्हणता यावे हा त्यामागचा हेतू होता. एका दमात पेलणार नाही अशी तान नाही, गळ्याला ओढ बसेल अशी उंची नाही. समूहगानाच्या कसोटीस ती चाल उतरत होती. प्रश्न बँडचा होता.

हा प्रश्न नुसता वाद्यांचा नव्हता. आपल्या संगीताचा तळ आणि पाश्चात्त्य संगीताचा तळ यांतील भेद त्याच्या मुळाशी होता.

तानपुऱ्याच्या चार तारा बहुधा पंचम, षड्ज, षड्ज आणि खर्ज अशा लावतात. जवारी नीट लागली की खर्जाच्या तारेतून गांधार आपोआप उमटतो. गवई त्याला स्वयंभू गांधार म्हणतात. म्हणजे सा, ग आणि प हे तीन स्वर तानपुऱ्यात सतत एकत्र नांदत असतात. पाश्चात्त्य संगीतात ज्याला तीन स्वरांची कॉर्ड म्हणतात, ती ही मूळ जोडी. फरक एवढाच की तानपुऱ्याच्या तळाशी नेहमी षड्जच असतो. गायक कोठेही फिरो, जमीन हलत नाही.

पाश्चात्त्य पद्धतीत ही जमीन हलते. पेटीवर पांढरी एक हा षड्ज धरून सा, ग, प या तीन पट्ट्या एकदम दाबाव्यात. आता खालचा सा सोडून त्याऐवजी वरचा तार सा घ्यावा. ग, प, सां असा क्रम होतो. पुन्हा खालचा ग सोडून वरचा घ्यावा. प, सां, गं होते. स्वर तेच तीन, परंतु तळाशी एकदा षड्ज, एकदा गांधार, एकदा पंचम. या दुसऱ्या व तिसऱ्या मांडणीला पाश्चात्त्य वादक इन्व्हर्जन म्हणतात. आपण त्यांना पहिला आणि दुसरा पालट म्हणू. वरचे स्वर कसेही विखुरले, एखादा स्वर दोनदा आला, तरी पालट ठरतो तो केवळ तळाच्या स्वरावरून. पट्ट्यांवर तो ओळखण्याची खूणही सोपी आहे. काळ्या-पांढऱ्या सगळ्या पट्ट्या मोजल्या तर सा पासून ग चौथ्या पट्टीवर येतो, ग पासून प तिसऱ्या आणि प पासून तार सा पाचव्या. तीन स्वर दाटीने दाबले असता मूळ मांडणीत अंतरे चार आणि तीन, पहिल्या पालटात तीन आणि पाच, दुसऱ्यात पाच आणि चार. पाचाचे मोठे अंतर कोठे आहे ते पाहिले की काम झाले, कारण त्या अंतराच्या वरच्या टोकाला मूळ स्वर असतो. कानाने ओळखायचे तर वरचे स्वर सोडून तळाकडे लक्ष द्यावे लागते. मूळ मांडणी घरी बसल्यासारखी स्थिर वाटते, पहिला पालट हलका आणि पुढे सरकू पाहणारा, दुसरा अधांतरी. गोव्यातील चर्चमध्ये ऑर्गनवर स्तोत्राचा शेवट ऐकताना पुष्कळदा शेवटच्या टप्प्याआधी पंचमावर उभा राहिलेला असा अधांतरी दुसरा पालट येतो, आणि मग षड्जावर सारे विसावते.

ही तीन रूपे म्हणजे एकाच कॉर्डची तीन वस्त्रे, हे आज कोणताही गिटार शिकणारा मुलगा सांगतो. युरोपातही ते आपोआप उमजले नव्हते. जाँ-फिलिप रामो या फ्रेंच ऑर्गनवादकाने १७२२ साली आपल्या हार्मनीवरील ग्रंथात त्याची पद्धतशीर मांडणी केली, तेव्हा कोठे ते शास्त्रात रुजले. आपल्याकडे त्याची गरजच पडली नाही. पेडण्यापासून मध्य प्रदेशातील सौंसरपर्यंत कोणत्याही मराठी भजनी मंडळाची पेटी पाहावी. एका वेळी हव्या तितक्या पट्ट्या दाबता येतील असे ते वाद्य, पण वादक बहुतेक वेळ एकेका स्वराने गायकाच्या मागोमाग चालतो. त्यात उणेपणा काही नाही. षड्जाचा तळ ज्याने मनाशी पक्का केला, त्याला बाकीचे लागत नाही.

बँडला मात्र ते लागते. बँडमध्ये तानपुरा नसतो. क्लॅरिनेट आणि कॉर्नेट चाल वाजवतील, पण ट्युबा आणि युफोनियम यांनी काय वाजवायचे? त्यांनीही चालच वाजवली तर सगळा मेळ एकसुरी होतो, सतत षड्ज धरला तर परदेशी कानाला गीत एका जागी अडकल्यासारखे वाटते. म्हणून चालीच्या प्रत्येक टप्प्याखाली कोणती कॉर्ड आणि तिचा कोणता पालट, हे लिहून ठरवावे लागते. झिंझोटीत तर आणखी एक पेच आहे. हा राग खमाज थाटाचा, त्याचा निषाद कोमल. षड्ज, गांधार, पंचम यांच्या जोडीला कोमल निषाद आला की पाश्चात्त्य कानाला ती कॉर्ड मध्यमाकडे ओढ घेणारी वाटते, जणू षड्ज हे घर नसून मध्यमाच्या घराकडे जाणारा उंबरठा आहे. तळाचा स्वर चुकीचा पडला तर रागाचे घरच बदलते. सुरेल वाजूनही राग हरवतो तो असा.

कृष्णरावांचे शिक्षण या विद्येचे नव्हते. त्यांनी त्याचा आडपडदा ठेवला नाही आणि ज्याला ती विद्या येत होती त्याच्याकडे ते गेले. मुंबई पोलीस बँडचे प्रमुख सी. आर. गार्डनर यांच्या मदतीने त्यांनी ‘वंदे मातरम्’चे बँडसाठी स्वरलेखन करून घेतले. भास्करबुवांच्या शिष्याने एका इंग्रज बँडमास्तरासमोर बसून आपली चाल स्वरा-स्वराने सांगावी, हा त्या काळातला साधा प्रसंग नव्हे. त्या काळच्या बँडपथकांत गोमंतकीय वादकांचा भरणा मोठा असे, हे येथे आठवते. गावच्या चर्चशाळेत स्वरलिपी शिकून निघालेली ती मुले ब्रिटिश पलटणींत आणि संस्थानांच्या बँडांत पोहोचली होती. मांडो दोन आवाजांत म्हणणाऱ्या समाजाला तळाचा आणि वरचा स्वर वेगळा चालतो हे कोणी शिकवावे लागत नाही.

मग दिल्लीच्या वाऱ्या सुरू झाल्या. कृष्णरावांनी संविधान सभेच्या सदस्यांना चाल गाऊन दाखवली, ध्वनिमुद्रिका ऐकवल्या, बँडवर वाजवून दाखवली. बँडवर चाल बसत नाही हा आक्षेप त्यांनी युक्तिवादाने नव्हे, प्रत्यक्ष वाजवून खोडला. हे सर्व बहुतांशी स्वतःच्या खर्चाने आणि स्वतःच्या हिमतीवर. ज्या गवयाची एकेक मैफल पुण्या-मुंबईत गाजत होती, त्याने ही वर्षे या कामी घातली.

निर्णय मात्र निव्वळ संगीताचा नव्हता. ‘वंदे मातरम्’च्या पुढील कडव्यांवरून मतभेद होते आणि १९३७ सालीच काँग्रेसने पहिली दोन कडवीच म्हणावीत असे ठरवले होते. चालीच्या चर्चेमागे ही सावली होती. आक्षेप चालीवर घेतला गेला म्हणून उत्तर चालीतून द्यावे, असा कृष्णरावांचा सरळ हिशेब. चालीचा वाद संपला तरी दुसरा वाद उरतो, हे त्या हिशेबात बसत नव्हते. २४ जानेवारी १९५० रोजी संविधान सभेचे अध्यक्ष डॉ. राजेंद्र प्रसाद यांनी ‘जन गण मन’ हे राष्ट्रगीत असेल आणि ‘वंदे मातरम्’ला त्याच्या बरोबरीचा मान असेल, असे जाहीर केले. मतदान झाले नाही.

कृष्णराव परत पुण्यास आले आणि शिकवू लागले. बंदिशींचा ‘रागसंग्रह’ त्यांनी सात भागांत सिद्ध केला. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या सांगण्यावरून त्यांनी बुद्धवंदनेला स्वरसाज चढवला. १९७१ साली पद्मभूषण मिळाले, पुढच्या वर्षी संगीत नाटक अकादमीचे सदस्यत्व. २० ऑक्टोबर १९७४ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले.