विश्लेषण : जखमी पायाने राजौरीचा रस्ता खुला करणारे मेजर राम राघोबा राणे कोण होते?

रणगाडे शत्रूच्या मुलखात पोहोचले की त्याची बातमी होते. त्यांच्यापुढचे सुरुंग काढणारे सॅपर मात्र पडद्यामागेच राहतात. मेजर राणे हे त्यांपैकीच एक.

खडकीशी नाते कसे?
राणे यांचा जन्म 26 जून 1918 रोजी कारवारजवळच्या चेंडिया गावी झाला. वडील पोलीस शिपाई. 1940 मध्ये ते बॉम्बे सॅपर्समध्ये भरती झाले. या दलाचे केंद्र पुण्यातील खडकी येथे आहे. दुसऱ्या महायुद्धात ते ब्रह्मदेशात लढले. डिसेंबर 1947 मध्ये ते अधिकारी झाले.

एप्रिल 1948 मध्ये काय घडले?
सैन्याला नौशेराहून राजौरी गाठायची होती. रस्ता सुरुंग आणि अडथळ्यांनी बंद होता. 8 एप्रिलला काम सुरू होताच उखळी तोफांच्या माऱ्यात राणे यांच्या तुकडीतील दोन जवान ठार, तर पाच जण जखमी झाले. जखमींत राणेही होते. मांडीला जखम असतानाही ते मागे गेले नाहीत.

रणगाडे पुढे, राणे मागे का?
9 एप्रिलच्या संध्याकाळी पाइनच्या पाच झाडांचा अडथळा आला. भोवती सुरुंग, समोरून मशीनगनचा मारा. राणे यांना तो तेव्हाच हटवायचा होता. पण अंधार पडू लागल्याने ताफा थांबवण्यात आला. मग पहाटे पावणेपाचला काम सुरू करून त्यांनी साडेसहापर्यंत वाट मोकळी केली. पुढचे अडथळेही हटवल्यावर रणगाडे तवी नदीच्या पात्रातून चिंगसकडे निघून गेले. राणे मात्र रस्त्यावरच थांबले. रसद आणणाऱ्या गाड्यांना नदीपात्र नव्हे, रस्ताच हवा होता. विश्रांती नाही, जेवण नाही, रात्री नऊपर्यंत काम. 11 एप्रिलला सकाळी अकरा वाजता चिंगसपर्यंतचा रस्ता खुला झाला आणि दुसऱ्या दिवशी सैन्य राजौरीत पोहोचले.

कामाची दखल घेतली गेली का?
होय. 1947-48 च्या युद्धासाठी पाच परमवीर चक्रे दिली गेली. त्यांपैकी तीन मरणोत्तर होती. हयात असताना हा सन्मान मिळालेले दोघे म्हणजे राणे आणि करम सिंग. पाच जणांत सॅपर एकटे राणेच.

1958 मध्ये ते लष्करातून निवृत्त झाले. नंतर 1971 पर्यंत त्यांनी एनसीसीत काम केले. 11 जुलै 1994 रोजी पुण्यातील कमांड हॉस्पिटलमध्ये त्यांचे निधन झाले.