गहुलीचे वसंतराव नाईक
(द्वितीय वर्ष, कला)

महाराष्ट्राचे मुख्यमंत्रिपद सलग अकरा वर्षांहून अधिक काळ सांभाळणारे वसंतराव नाईक आपल्याला हरितक्रांतीचे पुरस्कर्ते म्हणून माहीत आहेत. १ जुलै हा त्यांचा जन्मदिन राज्यात कृषिदिन म्हणून साजरा होतो. परंतु मला त्यांची थोरवी भरल्या कणगीपेक्षा रित्या कणगीपाशी अधिक जाणवते.

वसंतरावांचा जन्म १९१३ साली यवतमाळ जिल्ह्यातील पुसद तालुक्यात, गहुली या बंजारा तांड्यावर झाला. वडील फुलसिंग नाईक तांड्याचे प्रमुख. गावात शाळा नव्हती, म्हणून हा मुलगा शेजारच्या गावांना जाऊन शिकला. पुढे नागपूरच्या मॉरिस कॉलेजातून तो पदवीधर झाला, वकील झाला. ज्या समाजात अक्षरओळखही दुर्मिळ होती, त्या समाजातून एवढी मजल मारणे केवढे कठीण असेल, हे घरातून प्रथमच कॉलेजची पायरी चढणाऱ्या आम्हा मुलांना सांगावे लागत नाही. १९४१ साली त्यांनी नागपूरच्या वत्सलाबाई घाटे यांच्याशी आंतरजातीय विवाह केला. दोन्ही समाजांत वादळ उठले, पण दोघेही डगमगले नाहीत.

पुसदला वकिली करीत ते राजकारणात आले. १९५२ साली जुन्या मध्य प्रदेशाच्या विधानसभेवर निवडून गेले आणि उपमंत्री झाले. संयुक्त महाराष्ट्र झाल्यावर ते महसूलमंत्री झाले. कन्नमवारांच्या निधनानंतर ५ डिसेंबर १९६३ रोजी मुख्यमंत्रिपदाची सूत्रे त्यांच्या हाती आली.

ते दिवस धान्यटंचाईचे होते. देश परदेशी गव्हावर जगत होता. १९६५ साली वसंतरावांनी पुण्यात जाहीर सभेत सांगून टाकले की, दोन वर्षांत महाराष्ट्र अन्नधान्यात स्वयंपूर्ण झाला नाही, तर मला फाशी द्यावी. या शब्दापाठोपाठ कामही आले. संकरित ज्वारीचे बियाणे शेतकऱ्यांच्या बांधापर्यंत पोहोचले. राहुरी, अकोला, परभणी आणि दापोली येथे कृषी विद्यापीठे उभी राहिली.

आणि तरीही १९७२ चा दुष्काळ आलाच! विहिरी आटल्या, जनावरे छावणीत गेली, रेशनवर परदेशी मिलो आला. राज्यातील बहुतेक शेती पावसावर अवलंबून होती, हे सत्य संकरित बियाण्याने झाकले गेले होते, ते उघडे पडले. स्वयंपूर्णतेची घोषणा त्या उन्हात करपली, असेच म्हटले पाहिजे.

दुसरा एखादा नेता अशा वेळी निसर्गाकडे बोट दाखवून मोकळा झाला असता. वसंतरावांच्या सरकारने मागेल त्याला काम देण्याचा मार्ग धरला. विधान परिषदेचे सभापती वि. स. पागे यांनी १९६५ साली तासगाव तालुक्यातील विसापूर येथे रोजगार हमीचा प्रयोग केला होता. ती कल्पना आता राज्यभर नेण्यात आली. रस्ते, पाझर तलाव, नालाबांध यांची कामे निघाली. मे १९७३ मध्ये सुमारे पन्नास लाख माणसे दुष्काळी कामांवर होती. माझी आजी त्यांपैकी एक. तेव्हा ती सतरा वर्षांची होती. खडी फोडून हाताला फोड आले, पण तिथे मिळणारी सुकडी आणि आठवड्याचा पगार यांवर घर तगले, असे ती सांगते. आपण कुणापुढे हात पसरला नाही, हे सांगताना तिचा आवाज बदलतो. हा फरक मला फार मोलाचा वाटतो. भिकेने पोट भरते. कामाने पोटाबरोबर मानही राहते.

१९७५ च्या फेब्रुवारीत त्यांनी पद सोडले. १९७७ साली ते वाशीममधून लोकसभेवर गेले. त्याच वर्षी रोजगार हमीचा कायदा विधिमंडळात संमत झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून अमलात आला. त्याच साली १८ ऑगस्टला सिंगापूर येथे वसंतरावांचे निधन झाले. २००५ साली संसदेने ग्रामीण रोजगाराचा कायदा केला, तेव्हा महाराष्ट्राचाच अनुभव डोळ्यांपुढे होता.

त्यांच्या कारकिर्दीत सारेच साधले असे नाही. त्यांच्याच विदर्भातील कोरडवाहू शेतकऱ्याचे दुःख पुढे वाढतच गेले. पण आपला शब्द अपुरा पडलेला दिसताच जो राज्यकर्ता माणसांच्या हाताला काम देतो, त्याला इतिहासाने फाशी देऊ नये.