कॅमेऱ्यामागचे सावेदादा

गणिताच्या बाईंनी आपल्याला रँग्लर परांजप्यांची गोष्ट सांगितली होती, आठवतंय? दापोलीजवळच्या मुर्डीचा मुलगा १८९९ साली केंब्रिजला सीनियर रँग्लर झाला. १९०१च्या अखेरीस ते मायदेशी परतले, तेव्हा मुंबईत त्यांचं जंगी स्वागत झालं. त्या गर्दीत एकजण चलच्चित्राचा कॅमेरा घेऊन उभा होता, हे मात्र मला फार उशिरा कळलं. ते होते हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजेच सावेदादा.

त्यांचा जन्म १८६८ सालचा. व्यवसाय छायाचित्रणाचा. ७ जुलै १८९६ रोजी काळा घोड्याजवळच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिए बंधूंची चलच्चित्रं पहिल्यांदा दाखवली गेली. त्या खेळाने सावेदादा भारावले आणि त्यांनी इंग्लंडहून २१ गिनींना कॅमेरा मागवला. १८९९ साली हँगिंग गार्डनमध्ये त्यांनी कुस्ती चित्रित केली. फिल्म धुवायला लंडनला पाठवावी लागली. ती बोटीने जाऊन परत येईपर्यंत आपण नेमकं काय टिपलंय, हे कळायची सोय नव्हती. दोन ओळी कोड लिहून लगेच चालवून पाहणाऱ्या मला त्यांच्या धीराचं नवल वाटतं. फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' यायला तेव्हा अजून चौदा वर्षं होती.

मग माकडं खेळवणारा, परांजप्यांचं स्वागत, १९०३चा दिल्ली दरबार. ना कथा, ना नट. समोर घडतंय ते टिपायचं. आपल्याकडच्या माहितीपटाची सुरुवात म्हणूनच त्यांच्यापासून मानतात. पुढे त्यांनी चित्रीकरण सोडलं आणि मुंबईचं गेईटी थिएटर सांभाळलं. १९५८ साली ते गेले. त्यांची एकही फिल्म आज उपलब्ध नाही.

हे वाचलं आणि मी माळ्यावर चढले. १९९६च्या आपल्या निरोप समारंभाची कॅसेट तिथेच होती. टेपवर बुरशी चढलेली. वाशीतल्या एका दुकानदाराने खटपट करून अकरा मिनिटं वाचवली. बाईंचं भाषण त्यात अर्धंच आहे. चित्र पुसलं गेलंय, नुसता आवाज राहिलाय. बाई आता नाहीत. उरलेलं अर्धं भाषण कुठून आणायचं?

आणखी एक गोष्ट लक्षात आली. मामाचा कॅमेरा आणून दिवसभर आपल्याला टिपणारा आपला मित्र त्या अकरा मिनिटांत कुठेच नाही.

तेव्हा मंडळी, संमेलनाला येताना पेनड्राइव्ह आणा. ही अकरा मिनिटं जितक्या घरांत राहतील तितकी बरी. आणि त्या मित्राला आधीच सांगून ठेवते, या वेळी कॅमेरा माझ्याकडे द्यायचा.