फादर स्टीफन्स आणि ‘ट’ची अडचण


1973 साली हेमलकशात लोकबिरादरी प्रकल्प सुरू झाला, तेव्हा डॉक्टरांची मराठी माडिया रुग्णांना कळेना. शेवटी डॉक्टरच माडिया शिकले. इंग्लंडमध्ये 1549 च्या सुमारास जन्मलेले येशूसंघीय फादर थॉमस स्टीफन्स यांनीही हेच केले. ते 24 ऑक्टोबर 1579 रोजी गोव्यात उतरले आणि साष्टीत रमले. पोर्तुगिजांनी त्यांच्या नावाचेच ‘इस्तेवांव’ केले!

इंग्रजी जिभेला त आणि ट वेगळे काढणे कठीण. समईसाठी वात मागावी, तर यजमान वाट दाखवणार! म्हणून रोमन लिपीत ट, ड लिहिताना फादर तेच अक्षर दोनदा लिहीत.

सगळेच हसण्यावारी जाणारे नव्हते. देवळे पाडल्याचा राग साचलेल्या कुंकळीत 1583 साली पाच येशूसंघीय मारले गेले. त्याला नुसता गैरसमज म्हणणे मला पटत नाही. आधी अन्याय झाला होता. त्याच वर्षी फादरांनी भावाला कळवले, की इथल्या भाषांची रचना ग्रीक-लॅटिनशी जुळते.

पुराण ऐकणाऱ्यांसाठी त्यांनी दहा हजारांहून अधिक ओव्यांचे ‘क्रिस्तपुराण’ रचले, त्यात स्वर्गाला वैकुंठ म्हटले. 1616 साली ते छापले गेले, तेही रोमन लिपीत. गोव्यात मराठी खिळेच नव्हते. 1619 साली फादर गोव्यातच वारले.