विश्लेषण : एकाच हंगामात चार करंडक, मग महायुद्ध... कोण होते हॅरॉल्ड वॅगस्टाफ?

रग्बी लीगच्या इतिहासात एकाच हंगामात चारही प्रमुख करंडक जिंकण्याची कामगिरी फक्त तीन क्लबना जमली. १९०७-०८ मध्ये हन्स्लेट, १९१४-१५ मध्ये हडर्सफील्ड आणि १९२७-२८ मध्ये स्विंटन. यातील हडर्सफील्डचा हंगाम वेगळा ठरतो, कारण तो पहिले महायुद्ध सुरू असताना खेळला गेला. त्या संघाचे कर्णधार होते हॅरॉल्ड वॅगस्टाफ. हा खेळाडू कोण होता, चॅलेंज चषकाच्या त्या हंगामात काय घडले आणि त्याची किंमत काय मोजावी लागली, याविषयी...

रग्बी लीग आणि चॅलेंज चषक म्हणजे काय?

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस इंग्लंडच्या उत्तर भागात रग्बी खेळणारे बरेच जण खाणीत किंवा कापडगिरणीत काम करणारे होते. शनिवारच्या सामन्यासाठी खाडा केला की मजुरी बुडत असे. ती भरून द्यावी, ही उत्तरेकडील क्लबची मागणी होती. हौशी खेळाचा आग्रह धरणाऱ्या रग्बी युनियनने ती फेटाळली. त्यामुळे २९ ऑगस्ट १८९५ रोजी हडर्सफील्डमधील जॉर्ज हॉटेलात क्लबच्या प्रतिनिधींची बैठक झाली आणि नॉर्दर्न युनियन ही वेगळी संघटना स्थापन झाली. पुढे तिच्याच खेळाला रग्बी लीग हे नाव मिळाले. १९०६ मध्ये संघातील खेळाडूंची संख्या १५ वरून १३ वर आली आणि खेळ अधिक वेगवान झाला.

या संघटनेची बाद पद्धतीची स्पर्धा म्हणजे चॅलेंज चषक. फुटबॉलमधील एफए चषकासारखीच तिची रचना. हरलात की बाहेर. १८९७ मध्ये लीड्सच्या हेडिंग्ले मैदानावर झालेल्या पहिल्या अंतिम सामन्यात बॅटलीने सेंट हेलेन्सला हरवले होते.

वॅगस्टाफ यांची सुरुवात कशी झाली?

हॅरॉल्ड वॅगस्टाफ यांचा जन्म १९ मे १८९१ रोजी यॉर्कशायरमधील होमफर्थ या गावी झाला. हे गाव हडर्सफील्डपासून सुमारे १० किलोमीटरवर. अंडरबँक रेंजर्स या स्थानिक संघातून खेळणाऱ्या या मुलाला हडर्सफील्डने पाच सोन्याच्या सॉव्हरिन नाण्यांवर करारबद्ध केले. नोव्हेंबर १९०६ मध्ये ब्रॅमलीविरुद्ध ते पहिला सामना खेळले, तेव्हा त्यांचे वय होते अवघे १५ वर्षे १७५ दिवस. जानेवारी १९०९ मध्ये, वयाच्या १७ व्या वर्षी, ते ऑस्ट्रेलियाविरुद्ध इंग्लंडकडून मैदानात उतरले. विशीच्या आसपास ते क्लबचे कर्णधार झाले.

ते सेंटर या जागेवर खेळत. मैदानाच्या मध्यातून बचाव फोडायचा आणि शेवटच्या क्षणी विंगरला चेंडू सोडायचा, हे या जागेचे काम. वॅगस्टाफ यांची ओळख वेगापेक्षा डोक्याने खेळणारा खेळाडू अशी होती. सहकाऱ्यांनी अशा रेषेत धावायचे की बचाव करणाऱ्याला चेंडू असलेल्या खेळाडूपर्यंत पोहोचायला वाटच मिळू नये, ही हडर्सफील्डची युक्ती त्यांच्याच नावाशी जोडली जाते. ती नियमात बसते का, यावर त्या काळी वाद होता. निकाल मात्र हडर्सफील्डच्या बाजूने लागत गेले.

संघ इतका बलाढ्य का होता?

हडर्सफील्डने दूरदूरचे खेळाडू एकत्र आणले. सिडनीचे विंगर अल्बर्ट रोझेनफेल्ड ऑस्ट्रेलियाच्या पहिल्या ब्रिटन दौऱ्यावर आले आणि पुढे हडर्सफील्डचे झाले. १९१३-१४ च्या हंगामात त्यांनी ८० ट्राय केले. हा विक्रम आजही मोडलेला नाही. वेल्समधून बेन ग्रोनो आले, कंबरलंडमधून कोळशाच्या व्यवसायातील आणि कुस्तीतही नाव कमावलेले डग्लस क्लार्क आले. १९१३ मध्ये या संघाने वॉरिंग्टनला ९-५ असे हरवून चॅलेंज चषक जिंकला. पुढच्या वर्षी मात्र उपांत्य फेरीत हलने त्यांना रोखले. लीगमध्ये एखादा सामना हरला तरी सावरता येते, बाद स्पर्धेत एक वाईट दुपार पुरते. चारही करंडक एकाच वर्षी जिंकणे अवघड असते ते यामुळेच.

सिडनीतील कसोटीने काय सिद्ध केले?

१९१४ च्या उन्हाळ्यात वॅगस्टाफ ब्रिटनच्या संघाचे कर्णधार म्हणून ऑस्ट्रेलियाला गेले. तेव्हा ते २३ वर्षांचे होते. मालिका १-१ अशी असताना ४ जुलैला सिडनीत निर्णायक कसोटी ठेवण्यात आली. आठ दिवसांतील ही तिसरी कसोटी. अनेक खेळाडू जखमी होते. तरीही खेळावेच लागेल, असा आदेश इंग्लंडहून आला. त्या काळी बदली खेळाडूंची सोय नव्हती. फ्रँक विल्यम्स यांचा पाय दुखावला, क्लार्क यांचा अंगठा आणि नंतर गळपट्टीचे हाड मोडले, बिली हॉल यांच्या डोक्याला मार लागला. उत्तरार्धात बराच वेळ ब्रिटनचे फक्त दहा जण मैदानात होते. तरी त्यांनी सामना १४-६ असा जिंकला. त्यातील एक ट्राय वॅगस्टाफ यांनी बचाव फोडून चिक जॉन्सन यांना दिलेल्या चेंडूवर झाला. आफ्रिकेतील झुलू युद्धातील प्रसिद्ध लढाईवरून हा सामना रोर्क्स ड्रिफ्ट कसोटी म्हणून ओळखला जातो. त्यानंतर महिनाभरातच, ४ ऑगस्टला, ब्रिटन महायुद्धात उतरले.

युद्ध सुरू असताना स्पर्धा का झाली?

तरुण सैन्यात भरती होत असताना पैसे घेऊन खेळणे योग्य आहे का, हा प्रश्न त्या हिवाळ्यात इंग्लंडभर विचारला जात होता. रग्बी युनियनने आपल्या स्पर्धा थांबवल्या. नॉर्दर्न युनियनने मात्र हंगाम पुढे नेला. क्लबनी खेळाडूंशी करार केलेले होते, अनेक घरांचा खर्च त्या मानधनावर चालत होता. पण प्रेक्षक घटले, क्लबची मिळकत आटली आणि मानधनाला कात्री लागली.

अशा वातावरणात हडर्सफील्डची घोडदौड सुरू होती. नोव्हेंबरमध्ये त्यांनी हलचा ३१-० असा धुव्वा उडवत यॉर्कशायर चषक जिंकला. यॉर्कशायर लीगही त्यांचीच झाली. चॅलेंज चषकाच्या उपांत्य फेरीत त्यांनी विगनला मोठ्या फरकाने हरवले. २४ एप्रिल १९१५ रोजी वेकफील्डमध्ये लीड्सवर ३५-२ अशी मात करत त्यांनी लीगचे अजिंक्यपद मिळवले. तीन करंडक हाती होते, उरला होता चॅलेंज चषक.

अंतिम सामन्याआधी काय झाले?

१ मे १९१५ रोजी ओल्डहॅमच्या वॉटरशेडिंग्ज मैदानावर हडर्सफील्डसमोर सेंट हेलेन्स होते. सेंट हेलेन्सचा क्लब आर्थिक अडचणीत होता. अंतिम सामन्यासाठी खेळाडूंना जादा पैसे मिळणार नाहीत, असे त्यांना सांगण्यात आले. कपडे बदलण्याच्या खोलीतच खेळाडूंनी खेळायला नकार दिला. अखेर कर्णधार टॉम बार्टन यांनी समजूत घातल्यावर संघ मैदानात आला. ज्या खेळाचा जन्मच बुडालेल्या मजुरीच्या वादातून झाला, त्याचा युद्धकाळातील हा शेवटचा मोठा सामना पुन्हा पैशांवरून अडला होता.

मन हरवून बसलेल्या संघाला हडर्सफील्डने ३७-३ असे हरवले. १९१३ चा अंतिम सामना पाहायला २२ हजारांहून अधिक लोक आले होते, या वेळी होते सुमारे ८ हजार. वॅगस्टाफ यांचा सर्वांत मोठा विजय असा अर्ध्या रिकाम्या मैदानात साजरा झाला.

युद्धाने काय हिरावले?

त्यानंतर चॅलेंज चषक थेट १९२० पर्यंत खेळवला गेला नाही. वॅगस्टाफ २३ वर्षांचे होते, संघ भरात होता. पुढची चार वर्षे त्यांची असू शकली असती. ती सैन्यात गेली. वॅगस्टाफ आणि त्यांचे काही सहकारी लष्कराच्या पुरवठा विभागात दाखल झाले. तिथे ते लष्करी संघाकडून खेळले, तेही रग्बी युनियन. एरवी पैसे घेणाऱ्या खेळाडूंना दारे बंद ठेवणाऱ्या युनियनने युद्धकाळात सैन्यातील सामन्यांपुरती ती उघडली होती. संघातील फ्रेड लाँगस्टाफ १९१६ मध्ये युद्धात मारले गेले. क्लार्क यांना विषारी वायूचा त्रास झाला, शौर्यपदक मिळाले आणि ते पुन्हा खेळू लागले.

१९१९-२० मध्ये हा संघ पुन्हा चारही करंडकांच्या उंबरठ्यावर आला. तीन जिंकले, त्यात विगनला २१-१० असे हरवून मिळवलेला चॅलेंज चषकही होता. पण लीगच्या अंतिम सामन्यावेळी वॅगस्टाफ यांच्यासह पाच खेळाडू ब्रिटनच्या दौऱ्यासाठी ऑस्ट्रेलियाच्या वाटेवर होते. उरलेला संघ हलकडून ३-२ असा, एका गुणाने हरला.

पुढे काय झाले?

वॅगस्टाफ १९२५ मध्ये निवृत्त झाले. हडर्सफील्डसाठी ते ४३६ सामने खेळले आणि त्यांनी १७५ ट्राय केले. नंतर त्यांनी हॅलिफॅक्स आणि ब्रॉटन रेंजर्स या संघांना मार्गदर्शन केले, पबही चालवला. खेळातून मोठी संपत्ती मिळण्याचा तो काळ नव्हता. १९ जुलै १९३९ रोजी, वयाच्या ४८ व्या वर्षी त्यांचे निधन झाले. त्यानंतर दीड महिन्यात दुसरे महायुद्ध सुरू झाले.

१९८८ मध्ये ब्रिटनमध्ये रग्बी लीगचे हॉल ऑफ फेम सुरू झाले, तेव्हा पहिल्या नऊ खेळाडूंत वॅगस्टाफ आणि रोझेनफेल्ड या दोघांची निवड झाली. आकडेवारीत १९१४-१५ चा हंगाम चार विजेतेपदांचा म्हणून नोंदला आहे. मात्र तो एका संघाचा परमोच्च क्षण होता, तसाच त्यांच्या ऐन बहराच्या वर्षांचा शेवटही.