पंडिता रमाबाई : ख्रिस्ती श्रद्धेचा एक शोध

एकोणिसाव्या शतकातील मराठी गद्य वाचताना ख्रिस्ती धर्माचा विषय वारंवार समोर येतो. बाबा पदमनजींची ‘यमुनापर्यटन’ (१८५७) ही कादंबरी, ‘ज्ञानोदय’ पत्रातील वाद, रेव्हरंड ना. वा. टिळकांची कविता, पुढे लक्ष्मीबाईंची ‘स्मृतिचित्रे’ ही त्याची सहज आठवणारी उदाहरणे. हा धर्म नेमके काय मानतो हे ठाऊक नसेल, तर या वाङ्मयाचा बराचसा अर्थ हातून निसटतो. सिद्धांतांची यादी पाठ करून तो सापडेल असेही नाही. त्या सिद्धांतांशी ज्यांनी वर्षानुवर्षे झुंज घेतली, त्यांच्या चरित्रातून ते अधिक स्पष्ट दिसतात. म्हणून प्रस्तुत घटकात पंडिता रमाबाईंचे चरित्र या एका अंगाने पाहावयाचे आहे.

रमाबाईंचा जन्म २३ एप्रिल १८५८ रोजी सह्याद्रीच्या दक्षिण भागातील गंगामूळच्या अरण्यात झाला. वडील अनंतशास्त्री डोंगरे हे वेदशास्त्रसंपन्न चित्पावन ब्राह्मण. पत्नीला संस्कृत शिकविले म्हणून त्यांना स्वजनांचा रोष पत्करावा लागला. अरण्यातील वास हे त्याचेच एक फळ. रमाबाईंना आईनेच संस्कृत शिकविले. पुढे घरचे वैभव गेले आणि सारे कुटुंब तीर्थयात्रेस निघाले. देवळांतून पुराण सांगावे, मिळेल त्या दक्षिणेवर राहावे, व्रते व उपवास करावेत, हा वर्षानुवर्षांचा क्रम होता. १८७४ च्या सुमारास मद्रास इलाख्यातील दुष्काळात आईवडील दोघेही अन्नावाचून गेले. मोठ्या बहिणीचाही पुढे मृत्यू झाला. उरलेली दोन भावंडे, श्रीनिवास आणि रमा, पायी हिंडत १८७८ साली कलकत्त्यास पोहोचली.

कलकत्त्याच्या विद्वानांनी या तरुणीची परीक्षा घेतली आणि तिला ‘पंडिता’ व ‘सरस्वती’ या पदव्या दिल्या. तिच्या मनातला पेच मात्र तेथेच वाढला. धर्मशास्त्रे वाचताना त्यांना आढळले, की इतर बाबतींत एकमेकांशी न जुळणारे ग्रंथ स्त्रिया आणि शूद्र यांच्या हीनत्वाविषयी मात्र एकमत आहेत. ज्या मोक्षासाठी आईवडिलांनी उपाशी राहून तीर्थे केली, त्या मोक्षाचा स्त्रीला स्त्री म्हणून अधिकारच नाही. हा प्रश्न केवळ पांडित्याचा नव्हता. त्यामागे दुष्काळात गमावलेली आई होती.

१८८० मध्ये भावाच्या मृत्यूनंतर रमाबाईंनी बिपिन बिहारी दास मेधावी या बंगाली, शूद्र मानल्या गेलेल्या जातीतील वकिलाशी नोंदणी पद्धतीने विवाह केला. आसामातील सिलचर येथे पतीच्या पुस्तकांत त्यांना बंगाली भाषेतील लूककृत शुभवर्तमान सापडले. तेथील एका बाप्टिस्ट मिशनऱ्याकडून त्या काही गोष्टी समजून घेत; पतीला ते रुचत नसे. फेब्रुवारी १८८२ मध्ये पतीचे पटकीने निधन झाले. दहा महिन्यांची मनोरमा कडेवर घेऊन रमाबाई त्याच वर्षी पुण्यास आल्या. आर्य महिला समाजाची स्थापना, ‘स्त्रीधर्मनीति’चे लेखन आणि हंटर आयोगापुढील साक्ष ही त्या एका वर्षातील कामे आपण दुसरीकडे अभ्यासली आहेत, येथे त्यांचा विस्तार करीत नाही. आपल्या विषयाशी संबंध आहे तो नीळकंठशास्त्री, म्हणजेच फादर नेहेम्या गोरे यांच्याशी झालेल्या चर्चांचा. हे काशीचे कोकणस्थ शास्त्री १८४८ साली ख्रिस्ती झाले होते आणि शास्त्रार्थाच्या रीतीने बोलणारे असल्याने रमाबाईंना त्यांचे बोलणे कळत असे.

१८८३ मध्ये रमाबाई वैद्यकीय शिक्षणाच्या हेतूने इंग्लंडला गेल्या आणि वाँटिज येथील ख्रिस्ती भगिनींच्या आश्रमात राहिल्या. या भगिनी लंडनच्या फुलम भागात पतित म्हणून समाजाने टाकलेल्या स्त्रियांसाठी एक निवारा चालवीत. आपल्या देशात शास्त्र ज्या स्त्रीला कठोर शिक्षा सांगते, तिला येथे मायेने जवळ केले जाते, हे पाहून रमाबाईंनी त्यामागचे कारण विचारले. उत्तरादाखल त्यांना योहानाच्या शुभवर्तमानातील शोमरोनी स्त्रीची कथा वाचून दाखविण्यात आली.

ती कथा येथे थोडक्यात सांगणे आवश्यक आहे. यहुदी लोक शोमरोनी लोकांशी पाण्याचा व्यवहार ठेवीत नसत. येशू मात्र भर दुपारी विहिरीवर आलेल्या एका शोमरोनी स्त्रीजवळ पाणी मागतो. तिचे पाच विवाह झालेले आहेत आणि सध्या ज्याच्याबरोबर ती राहते तो तिचा पती नाही, हे तो जाणतो. तरीही धर्माच्या गहन गोष्टी तो तिच्याशीच बोलतो. देवाची उपासना अमुक डोंगरावर करावी की यरुशलेमात, असे ती विचारते. खरी उपासना स्थळावर अवलंबून नाही, ती आत्म्याने व सत्याने करावयाची असते, असा त्याच्या उत्तराचा आशय आहे. पाणवठ्यावरचा विटाळ म्हणजे काय हे मराठी वाचकाला समजावून सांगावे लागत नाही. ज्यांचे सारे बालपण तीर्थांमागे चालण्यात गेले, त्या रमाबाईंना या उत्तराने काय वाटले असेल, याचीही कल्पना करता येते. २९ सप्टेंबर १८८३ रोजी त्यांनी मनोरमेसह वाँटिज येथे बाप्तिस्मा घेतला.

येथे ख्रिस्ती धर्माची मुख्य मते समजून घेऊ, कारण रमाबाईंचा खरा वाद यानंतर सुरू झाला. देव एकच असून तो सृष्टीचा कर्ता आणि सर्वांचा पिता आहे. मनुष्य पापामुळे त्याच्यापासून दुरावला आणि स्वतःच्या पुण्याने तो परत जाऊ शकत नाही. म्हणून देवाचा पुत्र येशू ख्रिस्त मनुष्यदेह धारण करून आला, रोमन अधिकारी पिलात याच्या काळात वधस्तंभावर मेला आणि तिसऱ्या दिवशी पुन्हा उठला. त्याचे मरण हेच मनुष्याच्या पापाचे प्रायश्चित्त. त्याच्यावर विश्वास ठेवणाऱ्याला क्षमा फुकट मिळते. याला कृपा म्हणतात. आपल्या परिचयाच्या अवतारकल्पनेशी देहधारणाचे साम्य वाटते खरे, परंतु अवतार बहुधा दुष्टांचा संहार करतो आणि ख्रिस्त दुष्टांच्या हातून मरण पत्करतो, हा भेद दुर्लक्षू नये. तसेच पुनरुत्थान म्हणजे पुनर्जन्म नव्हे. या धर्मात मनुष्याला एकच जन्म आहे. पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा हे तिघे मिळून एकच देव, हे त्रैक्याचे मत. आचरणाचा सारा भार दोन आज्ञांवर आहे : देवावर संपूर्ण मनाने प्रीती करावी आणि शेजाऱ्यावर स्वतःसारखी प्रीती करावी.

यांपैकी शेवटची गोष्ट रमाबाईंनी तत्काळ स्वीकारली. त्रैक्य आणि ख्रिस्ताचे देवत्व यांपाशी मात्र त्या अडल्या. त्रैक्य हा शब्द बायबलात नाही. मग पुढच्या काळातील धर्मसभांनी ठरविलेले मत मी का मानावे, असा त्यांचा प्रश्न होता. भगिनी जेराल्डीन यांना त्या आपल्या धर्ममाता मानीत. चेल्टनहॅमच्या महिला विद्यालयाच्या प्रमुख डोरोथिया बील यांच्याविषयीही त्यांना फार आदर होता. दोघींशी त्यांचा दीर्घ पत्रव्यवहार झाला. चर्चची आज्ञा मुकाट्याने पाळावी, ही अपेक्षा त्यांनी नाकारली. भारतातील पुरोहितांचे जोखड नुकतेच उतरवून ठेवलेल्या स्त्रीने दुसऱ्या पुरोहितांचे जोखड घेऊ नये, हा त्यांच्या पत्रांचा सूर आहे. क्रुसावरील अक्षरे लॅटिनमध्ये का असावीत, संस्कृतमध्ये का नसावीत, असाही त्यांचा प्रश्न होता. भगिनींना हा हट्ट वाटला. पत्रे वाचणाऱ्याला मात्र त्यात अनंतशास्त्र्यांची कन्या ओळखू येते. प्रमाण कोणते, हे ठरल्याशिवाय ती प्रमेयाला मान तुकवीत नाही.

१८८६ मध्ये आनंदीबाई जोशी यांच्या पदवीदान समारंभासाठी रमाबाई अमेरिकेस गेल्या. तेथील मंडळींनी बोस्टन येथे स्थापिलेल्या संस्थेच्या साहाय्याने ११ मार्च १८८९ रोजी मुंबईत शारदा सदन हे विधवांसाठीचे विद्यालय सुरू झाले. पुढच्याच वर्षी ते पुण्यास हलविण्यात आले. मुंबई–पुणे लोहमार्ग बोरघाटातून १८६३ पासून सुरू होता. कर्जत व खालापूर तालुक्यांतील विद्यार्थ्यांच्या रोजच्या परिचयाची ही चढण आहे. कर्जत सोडल्यावर खोपोलीचे खोरे खाली ठेवून गाडी लोणावळ्यास चढते. याच लोणावळ्याचा संबंध पुढे रमाबाईंच्या श्रद्धेशी येणार होता.

सदनात धर्मशिक्षण द्यावयाचे नाही, असे ठरलेले होते. रमाबाई पहाटे आपल्या खोलीत प्रार्थना करीत, दार उघडे असे, आणि काही मुली आपण होऊन येऊन बसत. त्यांना त्या घालवून देत नसत. यावरून १८९३ मध्ये वादळ उठले. न्यायमूर्ती रानडे आणि डॉ. भांडारकर यांनी सल्लागार मंडळ सोडले. अनेक पालकांनी मुली काढून नेल्या. हे प्रकरण एका बाजूने सांगण्याची रीत आहे, ती बरोबर नाही. विश्वासाने मुली सोपविणाऱ्यांची भीती खोटी नव्हती. त्याचबरोबर घरात ज्या विधवेला स्वतःचे मत असण्याचीच मुभा नव्हती, तिला उघड्या दारातून आत यावे की बाहेर राहावे हे ठरविता आले, हेही खरे आहे.

या वादळाच्या आधीच, १८९१ च्या सुमारास, रमाबाईंच्या श्रद्धेला वळण मिळाले होते. आपण ख्रिस्ती धर्म स्वीकारला, ख्रिस्ताला मात्र नाही, असे त्यांना जाणवले. व्रते, दाने, तीर्थे यांनी पुण्य साठविण्याची बालपणीची सवय नव्या धर्मातही शिल्लक होती. सत्कर्मांनी आपण तारणास पात्र होऊ, असे त्या नकळत धरून चालल्या होत्या. क्षमा ही मिळवायची नसून स्वीकारायची वस्तू आहे, हे उमगल्यावर त्यांची ख्रिस्ताच्या देवत्वाविषयीची अढीही उरली नाही. कृपेचा सिद्धांत कळण्यास बाप्तिस्म्यानंतर सुमारे आठ वर्षे लागली.

घाटमाथ्यावर लोणावळ्यास तेव्हा ख्रिस्ती लोकांचे प्रार्थना-मेळावे भरत. मोठ्या दुष्काळाच्या अगोदर रमाबाई आपल्याजवळच्या पंधरा ख्रिस्ती मुली घेऊन तेथे गेल्या होत्या. पहाटे रानात प्रार्थना करताना त्यांनी देवाजवळ पंधराचा वर्ग, म्हणजे दोनशे पंचवीस मुली मागितल्या. संस्थेजवळ तेव्हा पैसा नव्हता आणि इतक्या जणींना जागाही नव्हती. थोड्याच काळात, १८९६–९७ मध्ये, मध्य प्रांतात दुष्काळ पडला. स्वतःच्या आईवडिलांना गिळणारी भूक रमाबाईंना परकी नव्हती. त्या स्वतः तेथे गेल्या आणि सुमारे तीनशे मुली व स्त्रिया घेऊन आल्या. पुण्यात प्लेगचे निर्बंध होते, म्हणून पुण्यापुढील केडगाव येथील शेतात त्यांची व्यवस्था झाली. हेच मुक्ती मिशन. १९०० च्या गुजरातमधील दुष्काळानंतर तेथील संख्या दोन हजारांच्या जवळ गेली. फसविल्या गेलेल्या स्त्रियांसाठी कृपासदन निघाले. अंध मुलींना मनोरमा ब्रेल लिपी शिकवू लागल्या. फुलमला जे पाहिले होते, ते आता दौंड तालुक्यात उभे राहिले.

मराठीच्या विद्यार्थ्याने विशेष लक्ष द्यावे असे काम अखेरच्या पर्वात झाले. प्रचलित मराठी बायबलची संस्कृतप्रचुर भाषा खेड्यातील स्त्रीला कळत नाही, आणि त्यातील कित्येक शब्द वेदान्ताचे अर्थ सोबत घेऊन येतात, असे रमाबाईंचे मत झाले. संस्कृतची पंडिता संस्कृत शब्द टाळू पाहते, ही गोष्ट वरवर विचित्र दिसेल. पण कोणता शब्द कोणता अर्थ आणतो, हे तिच्याइतके कोणाला कळणार? वयाच्या उत्तरार्धात त्या हिब्रू व ग्रीक शिकल्या, हिब्रूचे व्याकरण मराठीत तयार केले आणि अनेक वर्षे एकटीने भाषांतर केले. नवा करार १९१३ मध्ये निघाला. या भाषांतराची वाक्यरचना काही ठिकाणी अवघडलेली आहे. मूळ भाषेशी प्रामाणिक राहण्याचा आग्रह तेथे मराठीवर मात करतो.

जुलै १९२१ मध्ये मनोरमा गेली. ५ एप्रिल १९२२ रोजी केडगाव येथे रमाबाईंचे निधन झाले. संपूर्ण बायबल १९२४ मध्ये मुक्तीच्याच छापखान्यातून प्रसिद्ध झाले. त्या छापखान्यात काम करणाऱ्या स्त्रिया आश्रमातल्याच होत्या, आणि त्यांतील अनेकींना अक्षरओळख येथे आल्यावरच झाली होती.